गहाणखतावरचा अंगठा

मैत्रिणींनो, आज अलिबागच्या दिवाणी कोर्टात जाऊन आले. मन अजून थाऱ्यावर नाही.

अब्बांच्या माघारी चौलची वाडी भाईजान पाहतात. ती सहकारी बँकेकडे गहाण पडलीय, हे मला लिलावाची नोटीस लागल्यावर कळलं, म्हणून मी माझ्या हिश्शासाठी दावा लावला.

बँकेचे वकील म्हणाले, "ही वसुली या कोर्टाच्या अधिकारात येत नाही."

जज्जसाहेबांनी गहाणखत मागवलं. माझ्या नावापुढे अंगठा होता.

"साहेब, मी तर सही करते!"

"मग बाईंचा हिस्सा गहाण पडला की नाही, हे हेच कोर्ट ठरवेल," म्हणत त्यांनी लिलाव थांबवला.

परतताना छकड्यात मी भाईजानना विचारलं, "अंगठा कुणाचा?"

"घरी बोलू, बानू."

घरी येऊन दिवेलागण झाली, तरी ते वाडीत झाडांना पाणीच घालताहेत. तुम्ही असतात तर पुन्हा विचारलं असतं का?