करगोट्याची किल्ली

मी चौथीत शाळा सोडली. लिहायला वेळ लागतो, पण हे दुसऱ्याकडून लिहून घ्यायचं नाही.

आमचा कारखाना बंद झाला त्या सकाळी पहिली पाळी चालू होती. नोटीस लागली आणि सगळ्यांना अंगावरच्या कपड्यांनिशी बाहेर काढलं. माझा डबा आत कपाटातच राहिला. तीन पुडांचा, पितळी, बायकोच्या माहेरचा, वर तिच्या वडिलांचं नाव घातलेला. किल्ली करगोट्याला होती, ती तशीच राहिली.

बाकीचे महिन्याभरात भिंतीवरून उड्या टाकून आपापलं सामान घेऊन आले. मी गेलो नाही. सव्वीस वर्षं कार्ड पंच करून गेटातून आत गेलेला टर्नर मी, आता चोरासारखा शिरू? म्हटलं, गेट उघडलं की आणीन.

"हो, तोरण बांधून बोलावतील तुम्हाला," बायको म्हणायची.

अंथरुणाला खिळल्यावर तिनं एकदाच सरळ विचारलं, "अहो, माझा डबा तेवढा आणता का?"

"गेट उघडू दे," मी म्हणालो. मागच्या श्रावणात ती गेली.

बिबवेवाडीत आमच्या वरच्या मजल्यावर एक मुलगी राहते. बंद पडलेल्या कारखान्यांत शिरून व्हिडिओ काढते. परवा म्हणाली, "आजोबा, तुमची कंपनी पुढच्या आठवड्यात पाडतायत. येता? तुम्ही दाखवा, मी शूट करते."

गेलो. मागच्या भिंतीला भगदाड होतं, त्यातून गुडघ्यांवर रांगत. ती मागून म्हणते, "सुपर, आजोबा! फक्त कॅमेऱ्याकडे बघू नका हं."

मशिनं कधीच भंगारात गेलेली. जमिनीतून नुसते बोल्ट वर आलेले. माझ्या लेथच्या जागी उभा राहिलो, तर हात आपोआप हँडलच्या उंचीला गेला.

कपाटांची रांग मात्र होती. माझं कुलूप जसंच्या तसं. खिशातून तेलाची बाटली नेली होती, चार थेंब सोडले. किल्ली फिरली. दार उघडलं, तर आतून उजेड आला. मागचा पत्रा कुणीतरी कापून नेला होता. कपाटातून पलीकडची खिडकी दिसत होती.

"आजोबा, सॉरी, शॉट हलला. परत एकदा उघडता?"

मी दार लावलं, कुलूप दाबलं आणि तसाच उभा राहिलो.

"प्लीज ना, दोनच सेकंद."

"नाही उघडणार."

तिनं कॅमेरा बंद केला आणि माझ्या हातावरचं तेल स्वतःच्या ओढणीनं पुसलं.

काल तिनं तो तुकडा मला दाखवला. चित्र हललेलं आहे खरं, पण आवाज स्वच्छ आहे. कुलूप दिसल्याबरोबर मी केवढ्यानं ओरडलोय: "अगं, आहे! जागेवर आहे!"

मुलीला वाटतंय, मी तिलाच म्हणालो.