कैरोची नटी, स्लाऊची पेशंट

सौसन गलाल आठवड्यातले तीन-चार दिवस ईलिंगहून स्लाऊला जाते आणि तिथे आजारी पडते. हसू नका. तोच तिचा धंदा आहे, आणि थोडाफार माझाही.

भारतातून, इजिप्तमधून, नायजेरियातून डॉक्टर इकडे इंग्लंडला येतात. एनएचएसमध्ये, म्हणजे इथल्या सरकारी आरोग्यसेवेत, नोकरी हवी तर आधी परीक्षा द्यावी लागते, आणि तिच्या प्रॅक्टिकलला खरे पेशंट नसतात, नट असतात. नट खुर्चीत बसून सांगतो, डॉक्टर, माझं पोट दुखतंय. परीक्षेला बसलेला डॉक्टर त्याला प्रश्न विचारतो, धीर देतो, आणि बेल वाजली की पुढच्या खोलीत पळतो. या परीक्षेचा क्लास आमचे डॉक्टर शशिधर निमकर स्लाऊला चालवतात, एका कार्पेटच्या दुकानाच्या वर. मी तिथे नटांचं वेळापत्रक बघते, आणि कुणी दांडी मारली की स्वतःच पेशंट होऊन बसते. मंडळाच्या गणपतीत वर्षानुवर्षं एकांकिका केल्यामुळे मला अभिनय येतो, असा माझा ठाम समज होता. सौसन आली आणि तो समज गेला.

तिचा पहिला दिवस मला लख्ख आठवतो. मुलगा अपघातात गेलाय, हे आईला सांगायचं, अशी ती केस होती. समोर आमचा नागपूरचा अनुप. त्याने पाठ केलेली वाक्यं बरोबर म्हटली, टिश्यूचा डबा पुढे सरकवला. आमच्या इतर बायका या जागी हंबरडा फोडायच्या. मीही फोडायचे, खोटं कशाला बोलू! सौसनने काही केलं नाही. ती नुसती बघत राहिली आणि मग हळूच म्हणाली, "तो जेवला होता का?" अनुप हुंदके देऊन रडायला लागला. निमकर सरांनी त्याला बाहेर नेलं, पाणी दिलं, आणि परत येऊन मला म्हणाले, "सुप्रभाताई, या बाईंना सोडायचं नाही."

सोडायचं नाही म्हणे! एवढ्या मोठ्या नटीला स्लाऊला कार्पेटच्या दुकानावर का बसावं लागतं, हे त्यांना कधी विचारावंसं वाटलं नाही. मी विचारलं. एलिझाबेथ लाइनच्या ट्रेनने आम्ही दोघी बरोबर परत यायचो, त्यात तुकड्यातुकड्यांनी तिने सगळं सांगितलं.

ती इजिप्तमधल्या टांटा नावाच्या गावची. बाप रेल्वेत कारकून. पोरगी नाट्यशाळेत जाते म्हटल्यावर त्याने तिच्याशी बोलणं टाकलं. टीव्हीवर आधी तिला मोलकरणीच मिळाल्या, चहाचा ट्रे आणून ठेवायचा आणि निघायचं. आपल्याकडे दिवाळी अंकांचा हंगाम असतो ना, तसा तिकडे रमजान हा मालिकांचा हंगाम. रोजा सोडला की सगळं घर टीव्हीसमोर. अशाच एका रमजानमध्ये तिने घर फोडणारी थोरली जाऊ केली, आणि महिनाभरात अख्ख्या कैरोत तिचं तोंड माहीत झालं. भाजीवालीने तिला टोमॅटो द्यायला नकार दिला. "तू धाकटीला घराबाहेर काढलंस, तुला काही देणार नाही!" हे सांगताना सौसन ट्रेनमध्ये एवढी हसायची की समोरचे इंग्रज वर बघायचे. पुढे बारा-पंधरा वर्षं तिचा एक रमजान रिकामा गेला नाही. बापही बोलायला लागला.

मग वय झालं. वय म्हणजे काय, चाळिशी! जो नट आदल्या वर्षी पडद्यावर तिचा नवरा होता, त्याची आई कर म्हणाले. तिने टीव्हीवरच्या मुलाखतीत सरळ सांगितलं, की निर्मात्यांनी आधी स्वतःचं पोट बघावं आणि मग माझं वय. लोकांनी टाळ्या पिटल्या आणि निर्मात्यांनी फोन करणं बंद केलं. नवऱ्याला लंडनला एका अरबी चॅनेलमध्ये काम मिळालं म्हणून ती इकडे आली. काही वर्षांनी तो दुसरीबरोबर दुबईला गेला. ही ईलिंगच्या एका खोलीत राहिली. इथल्या टीव्हीने तिला काय दिलं? अतिरेक्याची आई. डोक्यावर रुमाल, एक किंकाळी, संपलं. जन्मात कधी रुमाल न बांधलेली बाई!

मी म्हणायचे, "अगं, मग जा ना परत. बहीण आहे तुझी तिकडे."

"हात हलवत?" ती म्हणायची. "कैरोला जाईन ती भूमिका घेऊनच. भूमिका नसली तर मला इथेच पुरा."

आणि गेल्या ऑक्टोबरमध्ये फोन आला! इहाब नावाचा तिकडचा तरुण दिग्दर्शक. लहानपणी आईच्या मांडीवर बसून त्याने सौसनला पाहिलेलं. अलेक्झांड्रियातल्या एका जुन्या इमारतीतून बाहेर पडायला नकार देणाऱ्या म्हातारीवर त्याची मालिका होती. म्हातारीच मुख्य. तीसच्या तीस भागांत तीच. शूटिंग जानेवारीत, रमजानला प्रसारण. सौसन माझ्या किचनमध्ये उभी राहून हे सांगत होती आणि मी चिवडा परतत होते. माझे पोहे करपले, पण मी तिला मिठी मारली. इतकी वर्षं जिची वाट बघितली ती गोष्ट दारात आली होती. अट एकच होती, की विमा कंपनीला तब्येतीचा दाखला हवा.

"सुप्रभा, मला जिना चढताना काहीतरी होतं," ती म्हणाली. उन्हाळ्यापासून होत होतं, बया बोलली नव्हती. मी म्हटलं, लपवायचं नाही. आताच दाखव, औषध घे, जानेवारीपर्यंत ठणठणीत हो. तिलाही पटलं. आणि गंमत बघा, तिच्या जीपी सर्जरीत, म्हणजे इथल्या सरकारी दवाखान्यात, डॉक्टर होता तो आमचा अनुप. मला वाटलं, चला, घरचाच माणूस भेटला. मी सोबत गेले.

आता इथे मला निमकर सरांच्या दिवाळी पार्टीबद्दल सांगायला हवं. दरवर्षी क्लासचे जुने विद्यार्थी सरांच्या घरी जमतात, आणि दरवर्षी फराळ झाला की कुणीतरी म्हणतं, "सौसन मॅडम, ते चेस्ट पेन करून दाखवा ना!" ती करून दाखवते, डॉक्टर टाळ्या वाजवतात. आदल्या वर्षी सरांनी तिला कोपऱ्यात घेऊन सांगितलं, की अनुपला न सांगता कर. तिने केलं. अनुप बिचारा घाबराघुबरा होऊन अँब्युलन्ससाठी नऊशे नव्व्याण्णवला फोन लावत होता आणि सगळी खोली खिदळत होती. त्याचं तोंड पडलं होतं. कुणीतरी व्हिडिओही काढला.

तर त्या दिवशी सर्जरीत आम्ही दोघी आत गेलो आणि अनुपने आम्हाला पाहिलं. आधी सौसनला, मग मला. आणि तो खुर्चीत मागे टेकून हसला. "काकू, तुम्ही पण? सरांनी आख्खी टीम पाठवली वाटतं!"

"अनुप, हिला खरंच त्रास होतोय," मी म्हटलं.

"हो हो. बोला मॅडम, आज काय आणलंय?"

सौसनने पर्स मांडीवर घट्ट धरली होती. तिलाही कानकोंडं झालं असावं, ती कसनुसं हसली. आणि तिने सांगितलं. चालताना छातीवर कुणी जड माणूस बसल्यासारखं वाटतं. डाव्या दंडात कळ जाते. थांबलं की जातं. अक्षर अन् अक्षर आमच्या केसमधलं! कारण दुसरे शब्द तिच्याकडे नव्हते. बाजारहाटाचं इंग्रजी ती बाजारात शिकली, दुखण्याचं इंग्रजी ती आमच्या क्लासमध्ये शिकली. अनुपने ती वाक्यं तिच्याच तोंडून कितीदा ऐकली होती. तो पुढचे प्रश्न तिच्याआधी म्हणायला लागला, जसं आपण पाठ असलेलं गाणं म्हणतो.

माझं डोकंच फिरलं. "अरे, चेष्टा समजतोस का? तपास तिला!"

"काकू, ओके, ओके." त्याने ईसीजी काढायला लावला. तो नॉर्मल आला. बसल्या जागी तो नॉर्मल येऊ शकतो, हे त्याला माहीत नव्हतं? परीक्षेत त्यावर मार्क आहेत! हॉस्पिटलला पाठवायचं पत्र लिहायला दोन मिनिटं लागली असती. पण मागच्या वेळी जी फजिती झाली, ती त्याला पुन्हा नको होती. त्याने ॲसिडिटीच्या गोळ्या लिहून दिल्या आणि दारापर्यंत सोडायला आला. "फुल मार्क्स, मॅडम," तो म्हणाला. "या वर्षी मी फसलो नाही, सरांना सांगा."

बाहेर आल्यावर मी म्हटलं, दुसरा डॉक्टर बघू. सौसन म्हणाली, "ईसीजी चांगला आहे ना? मग झालं." तिला तेच ऐकायचं होतं, तिची बॅग मनातल्या मनात भरून झाली होती. पुढचे काही आठवडे ती गोळ्या घेत राहिली आणि घरात एकटीच त्या म्हातारीचे संवाद म्हणत राहिली.

डिसेंबरच्या सुरुवातीला ट्रेनमध्ये तिला ॲटॅक आला. मी त्या दिवशी बरोबर नव्हते. समोर एक पोलिश प्लंबर बसला होता, हत्यारांची पेटी घेऊन. तो तिला ओळखत नव्हता, त्याने तिला कधी टाळ्या वाजवल्या नव्हत्या. त्याने एकदा तिच्या तोंडाकडे बघितलं आणि गाडी थांबवायला लावली. तिचा जीव वाचला तो त्याच्यामुळे. आमच्या शिकल्यासवरलेल्या, तिच्याच जिवावर पास झालेल्या एकाही डॉक्टरमुळे नाही.

ऑपरेशन झालं. छाती उघडून बायपास. सौसन शुद्धीवर आली तेव्हा तिने पहिला प्रश्न विचारला, "जानेवारीपर्यंत जमेल?" कन्सल्टंटने तीन महिने कामाचं नाव काढू नका म्हणून सांगितलं. इहाबने आठवडाभर वाट बघितली, हे त्याच्या बाजूने म्हणायला हवं. मग माजिदा नावाच्या नटीला ती भूमिका गेली. ही माजिदा म्हणजे त्या जुन्या मालिकेतली धाकटी जाऊ. रमजानमध्ये सौसनने माझ्या लॅपटॉपवर सगळेच्या सगळे भाग बघितले. मी म्हटलं, नको गं बघूस. "ती चांगलं करतेय," सौसन म्हणाली. रडली नाही. ती रडली असती तर मला बरं वाटलं असतं.

अनुप हॉस्पिटलमध्ये येऊन गेला, फुलं घेऊन. "मॅडम, तुम्ही इतकं परफेक्ट सांगितलंत की..." असं म्हणाला आणि थांबला. म्हणजे चूक तिचीच, नीट सांगितलं ही! मी त्याला वॉर्डबाहेर नेऊन जे काय बोलायचं ते बोलले. त्याने मान खाली घालून ऐकून घेतलं. तो अजून त्याच सर्जरीत आहे.

सौसन उन्हाळ्यात क्लासला परत आली. कुठे जाणार दुसरीकडे? निमकर सर मोठ्या उत्साहात होते. "सौसन मॅडम, नवीन केस लिहिलीय. पेशंट नटी आहे. डॉक्टरला वाटतं ती नाटक करतेय, पण तिला खरंच हार्टचा प्रॉब्लेम आहे. तुमच्याइतकं चांगलं कोण करणार!"

"अहो सर, थोडी तरी लाज?" मी म्हणाले.

"सुप्रभाताई, यातून मुलं शिकतील. पुन्हा असं होणार नाही." वर मलाच समजावलं. मी सौसनकडे बघितलं. ती म्हणाली, "करते."

समोर अन्वी म्हणून नवीन मुलगी होती, नुकतीच पुण्याहून आलेली. सौसन खुर्चीत बसली. पर्स मांडीवर, दोन्ही हातांनी घट्ट धरलेली. ती कसनुसं हसली आणि तिने सांगायला सुरुवात केली, अगदी तशीच, त्याच आवाजात. माझ्या अंगावर काटा आला. मी त्या खोलीत होते ना, मला माहीत होतं.

"थांबा, थांबा," सर म्हणाले. "मॅडम, हसू नका. इतकं दुखत असताना माणूस हसतो का? खरं नाही वाटत हे."

सौसनने त्यांच्याकडे बघितलं. "मी हसले होते," ती म्हणाली.

"असेल. पण समोरच्याला कळायला नको का? जरा छातीवर हात, जरा कण्हा. पुन्हा एकदा घेऊ."

मी सौसनच्या तोंडाकडे बघत होते. मला वाटलं ती उठेल, पर्स उचलेल, त्या मुलाखतीत बोलली होती तसं काहीतरी सणसणीत बोलेल. तिने पर्स खाली ठेवली. छातीवर मूठ दाबली, डोळे मिटले आणि मंडळाच्या एकांकिकेत मी कण्हायचे तशी जोरात कण्हली.

"हां!" सर म्हणाले. "आता कसं खरं वाटलं."