लिफ्टमधल्या बाईंचा दम

इकडे परदेशात आमच्या पाया लेबारच्या कॉन्डोत वरच्या मजल्यावर एक इंग्रज बाई राहतात. तरुणपणी त्या लंडनला सोल संगीत गायच्या, रेकॉर्डही निघाल्या. आता लिफ्टमध्ये गुणगुणतात आणि मजला आला तरी ओळ संपल्याशिवाय उतरत नाहीत. तोवर दार धरून मी उभा.

यंदा गणपतीत त्यांना आरतीला बोलावलं. विठ्ठलाच्या आरतीत एक सूर आम्ही दम संपेपर्यंत ताणतो आणि दरवर्षी मीच जिंकतो, हेही ऐटीत सांगितलं.

सूर लागला. एकेक जण गळाला, शेवटी मीही. बाई चालूच. कापूर विझला. माझी लेक इथल्या इंग्रजीत ओरडली, "बाबा, यू लॉस्ट लाह!"

मग बाई थांबल्या, मोदक उचलला आणि मला हळूच म्हणाल्या, "गळा तर मोकळा झाला. आता गाणं कधी सुरू करायचं?"