निमकरांची केस बंद होते

चारुदत्त निमकर मूळचे अमरावतीचे. लखनऊमध्ये केंद्र सरकारच्या एका भांडार कार्यालयात ते इतकी वर्षं होते की निशातगंजच्या भाजीवाल्याशी भांडतानाही 'आप' म्हणत.

नोकरीत त्यांच्या हातून एकच गुन्हा झाला. ताडपत्र्यांचे गठ्ठे न उघडताच त्यांनी 'नव्या मिळाल्या' अशी सही केली. आत निघाल्या जुन्या. गठ्ठे उघडणारा माणूस तेव्हा जेवत होता, आणि जेवत्या माणसाला उठवायचं नाही, हे निमकरांना घरून शिकवलेलं. चौकशीत त्यांनी हेच सांगितलं. चौकशी अधिकाऱ्याने ते लिहून घेतलं आणि पुढचा प्रश्न विचारला.

शिक्षा आली ती लेखी ठपक्याची. सगळ्यांत लहान. केस संपेपर्यंत नागपूरला बदलीचा त्यांचा अर्ज कोणी हातात घेणार नव्हतं. निमकरांना नागपूर हवं होतं, म्हणून केस संपायला हवी होती.

"अपील मत कीजिए, निमकर साहब," आस्थापना शाखेतले राघव बाबू म्हणाले. "बड़े साहब चाहें तो छह महीने के अंदर फाइल मँगवाकर सज़ा बढ़ा सकते हैं. उसके बाद कोई हाथ नहीं लगाएगा. तब तक उन्हें दिखिए ही मत."

निमकर दिसेनासे झाले. लिफ्टमध्ये बडे साहेब असले की ते जिन्याने जात.

घरी मात्र पत्नी कांचनताईंनी नवस बोललेला होता.

"केस सुटली की सत्यनारायण घालीन म्हटलं होतं मी."

"सुटली नाही अजून. झोपलीय फक्त."

"ठपक्यावर भागलं म्हणजे सुटलीच की हो. देवाला काय तारीख देताय?"

महानगर मोहल्ल्यातल्या भाड्याच्या घरात पूजा झाली. दुसऱ्या दिवशी शिऱ्याचा डबा कार्यालयात गेला.

"कुणाला वगळू नका," कांचनताईंनी बजावलं होतं. "प्रसाद आहे."

निमकरांनी कुणालाही वगळलं नाही. टेबलामागून टेबल करत ते जयसिंग साहेबांच्या, म्हणजे बड्या साहेबांच्या दारापर्यंत आले. दार उघडं होतं.

"अरे वाह! किस खुशी में, निमकर?"

निमकर खोटं बोलणार होते. पण हातात प्रसाद होता.

"सर, वो मेरी केस ख़तम हो गई."

"कौन सा केस?"

निमकरांनी सांगितलं. साहेबांनी शांतपणे शिरा खाल्ला.

"इसमें केला है?"

"जी सर."

"बहुत बढ़िया." साहेबांनी हात पुसले, घंटी वाजवली आणि फाइल मागवली.

आठवडाभरात नोटीस आली. शिक्षा का वाढवू नये, याची कारणं द्या. निमकरांनी दिली. जेवणाऱ्या माणसाचा उल्लेख या वेळी त्यांनी टाळला. तरी वर्षभराची वेतनवाढ रोखली गेली, आणि ते वर्ष सरेपर्यंत बदलीचा विचार होणार नाही असं तोंडी कळलं.

"अब पक्का है," राघव बाबू म्हणाले. "साहब की कलम एक ही बार चलती है. हाँ, आप ट्रिब्यूनल जाएँ तो फिर सब खुल जाएगा."

"नहीं भैया. खुला नहीं चाहिए."

संध्याकाळी घरी येऊन त्यांनी चपला काढल्या.

"संपली," ते म्हणाले.

"नक्की?"

"आता त्यांनाही उघडता येत नाही."

"आणि नागपूर?"

"पुढच्या वर्षी विचारू."

आतल्या खोलीतून त्यांची मुलगी मैत्रेयी बाहेर आली. ती अकरावीत होती. मराठी तिला सगळं समजे, पण उत्तरं हिंदीत येत.

"मतलब बारहवीं मैं यहीं करूँगी? पक्का?"

"पक्का," निमकर म्हणाले.

ती चप्पल न घालताच वरच्या मजल्यावरच्या मैत्रिणीकडे धावली. जिन्यात तिचं हसणं ऐकू येत राहिलं.

"ही कधी बोलली नाही हो," कांचनताई म्हणाल्या.

"आपण कुठे विचारलं होतं?"