माझ्या तोंडात दुसऱ्याचा आवाज

एका इंग्रज नटाने मला फसवलं. पैशात नव्हे, पैशात मला फसवणारा माणूस अजून कोलोनमध्ये आलेला नाही. त्याने माझं तोंड जागच्या जागी ठेवलं आणि आतला आवाज पळवला.

म्हातारा माझ्या मसाल्याच्या दुकानात लिंबाच्या लोणच्यासाठी यायचा. तरुणपणी लंडनहून आला आणि इथल्या टीव्हीवर चरित्र अभिनेता म्हणून रुजला. जर्मन वाहिन्यांना इंग्लंडातल्या गोष्टी फार आवडतात. त्यांत लॉर्ड, लेडी, इन्स्पेक्टर सगळे जर्मन नट. खरा इंग्रज हा एकटा, म्हणून त्याच्या हाती चहाचा ट्रे. बटलर, पाद्री, निवृत्त कर्नल करता करता त्याचं वय झालं. बहुतेक वेळा पहिल्या जाहिरातीआधीच त्याचा खून व्हायचा. "कसं मरावं हे या देशाला मी शिकवलं," असं तो अभिमानाने सांगायचा.

त्यानेच मला एका गुन्हेमालिकेत भारतीय दुकानदाराचं काम मिळवून दिलं. वाक्य एकच होतं. मी दिग्दर्शिकेशी घासाघीस केली, मानधनावर नव्हे, वाक्यांवर. खून झालेलं गिऱ्हाईक रोजचं होतं ना? मग दुकानदार एवढंच बोलून गप्प बसेल? बाई दमल्या, आणि मी अख्खा प्रसंग पदरात पाडून घेतला.

माझी मुलगी इथेच वाढली. मी मराठीत विचारतो, ती जर्मनमध्ये उत्तर देते. माझं जर्मन कानावर पडलं की डोळे मिटून घेते. शाळेत पालकांची सभा असली की म्हणते, "बाबा, तू नको, आईला पाठव." मालिकेतली वाक्यं मी तिच्याकडूनच घोटून घेतली. शेवटी एकदा ती म्हणाली, "गेनाऊ, बाबा." अगदी बरोबर. तिच्या तोंडून हा शब्द मला पहिल्यांदाच मिळाला होता. चित्रीकरणात मी कुठेही अडखळलो नाही.

भाग दाखवणार त्या संध्याकाळी मी इथल्या मराठी मंडळातली माणसं घरी बोलावली, मुलीने मैत्रिणी आणल्या. पडद्यावर मी आलो. तोंड उघडलं, आणि आतून भलताच कुणीतरी बोलला. मोडकंतोडकं, प्रत्येक शब्दाला हेलकावे देणारं जर्मन.

"अहो, तेव्हा तुम्हाला सर्दी झाली होती का?" बायकोने विचारलं.

मैत्रिणी खिदळल्या. मुलगी उठून आपल्या खोलीत गेली. मी आवाज ओळखला होता. एवढ्या हेलकाव्यांतही तो 'र' इंग्रजांसारखा गिळत होता.

दुसऱ्या दिवशी म्हातारा दुकानात आला, तसा मी त्याला दारातच धरला.

"तुझं जर्मन फार स्वच्छ निघालं," तो म्हणाला. "वाहिनीला वाटलं, भारतीय दुकानदार असा बोलतो हे प्रेक्षकांना पटणार नाही. म्हणून नवा आवाज भरला."

"मग मला बोलवायचं!"

"मोडकं बोलला असतास?"

"मुळीच नाही!"

"बघ. म्हणून मला बोलावलं. अरे, माझं जर्मन तुझ्याहून चांगलं आहे, तरी प्रत्येक बटलरच्या वेळी मला ते मोडायला लावतात. दुसऱ्या कुणी तुझी टिंगल केली असती. मी प्रेमाने मोडलं."

प्रेमाने! आवाज भरून झाल्यावरही हा गृहस्थ आमच्याकडे वरणभात जेवून गेला. मुलीने आग्रहाने तूप वाढलं. त्याने पाककृती विचारली, पण या विषयावर चकार शब्द काढला नाही.

वाहिनीच्या कचेरीतही मी जाऊन आलो. तिथे प्रत्येक वाक्य 'आल्झो'ने, म्हणजे 'तर'ने, सुरू होतं आणि कुठेच पोचत नाही. त्यांचं मी बघून घेईन. पण वर्गातली मुलं आता माझ्या मुलीला त्या हेलात हाका मारतात, आणि ती मला विचारते, "बाबा, ऐन वेळी घाबरलास ना?" मी नाही म्हणतो. ती मान हलवते, समजूत घातल्यासारखी.

तेव्हा म्हाताऱ्या, माझ्याशी वाद नको. तिच्यासमोर उभा राहा आणि न मोडलेल्या जर्मनमध्ये सांग: माझ्या तोंडातून कोण बोलत होतं?