शंभरातले दहा

साखर कारखान्याचं शेवटचं गाळप झालं त्याला तीन वर्षं होऊन गेली होती. त्यानंतर सान रोमुआल्दो गावच्या नगरपालिकेने दरवर्षी घरोघर बेकारांची मोजणी सुरू केली. फॉर्म भरायला पेरपेतुआ सालार्दा धरून सहा माणसं होती, पण शेवटची बेरीज आणि टक्केवारी तीच करायची. चोपन्न वर्षांची, बिनलग्नाची बाई. आई गेल्यावर तिनेच धाकट्या निकानोरला वाढवलं होतं. निकानोर बावीस वर्षं कारखान्याच्या बॉयलरवर होता.

त्या वर्षी ती बहीणभावंडं राहत ती गल्ली तिच्याच वाट्याला आली. भाऊ अंगणात बाकावर बसला होता. तिने शिरस्त्याप्रमाणे विचारलं, "गेल्या महिन्यात काम शोधलंस?"

"नाही, मानांग." थोरल्या बहिणीला, मोठ्या बाईला तिथे मानांग म्हणत.

"अरे, बंदरावर एकदा तरी विचारलं असशील ना?"

"थोरली बहीण ना तू? मग मला खोटं बोलायला कशाला शिकवतेस? वर्षभर बसभाडं घालून हिंडलो. आता नाही जात."

तिने 'नाही'वर खूण केली. उठता उठता, फॉर्मवर नसलेला प्रश्न तिच्या तोंडून गेला, "आणि मिळालं तर? करशील?"

तो तळहाताकडे बघत म्हणाला, "उद्यापासून."

सगळे फॉर्म आले तेव्हा तिने हिशेब मांडला. काम करणारे दोन हजार आठशे ऐंशी, काम शोधणारे तीनशे वीस, मिळून बत्तीसशे. तीनशे वीसला बत्तीसशेने भागून शंभरने गुणलं. दहा टक्के! गेल्या वर्षी पंचवीस होते. तिने आकडे पुन्हा पडताळले. गणित बरोबर होतं. पण गेल्या वर्षी कामावर तीन हजार माणसं होती. म्हणजे कामं एकशेवीसने घटली होती आणि बेकारी मात्र निम्म्याहून खाली आली होती! ज्यांनी शोधणं सोडलं ते नियमाने ना तीनशे वीसमध्ये होते, ना बत्तीसशेमध्ये. तिचा भाऊही नव्हता.

दुसऱ्या दिवसापासून ती 'नाही' म्हणणाऱ्यांच्या दारी पुन्हा गेली. 'मिळालं तर कराल?' हा एकच प्रश्न घेऊन. शिकणारी पोरं आणि म्हातारे तिने वगळले. कोणी हसलं. "काय मानांग, नोकऱ्या पिशवीत घालून आणल्यात वाटतं!" एका बाईने तर दारच लावून घेतलं. पाच आठवडे ती उन्हातान्हात फिरली. सहाशे चाळीस माणसं 'करीन' म्हणाली. तो हिशेब तिने वेगळ्या पानावर मांडला.

नगरपालिकेच्या सभेत नगराध्यक्ष, म्हणजे मेयर, खुशीत होते. बेकारीचा दर पंधरा टक्क्यांच्या खाली आला की नगरपालिकेने बेकारांसाठी काढलेलं गटारं खणण्याचं काम बंद करायचं, असं आधीच ठरलं होतं.

पेरपेतुआ उभी राहिली. "मेयर, दहा टक्के नियमाने बरोबर आहेत. माझीच सही आहे. पण हे सहाशे चाळीस त्यात धरले तर शंभरात पंचवीस होतात. गेल्या वर्षीइतकेच."

"नियमात बसतात का ते?"

"नाही बसत."

"मग?"

"गावात बसतात, मेयर. घराघरांत बसून आहेत."

मागच्या बाकावरच्या एका सभासदाचा जावई कारखान्यात होता. तो सभासद हळूच म्हणाला, "तिचं पान अहवालाला जोडा." बरीच वादावादी झाली. अखेर काम सहा महिने चालू ठेवायचं ठरलं, पण एकशेचाळीस जणांपुरतंच.

जत्रेला चौकात 'बेकारी फक्त दहा टक्के' असा फलक लागलाच. पेरपेतुआ रोज त्याच्याखालून कामावर जायची.

निकानोरचं नाव त्या एकशेचाळीस जणांच्या यादीत लागलं. वाफेचा दाब नुसत्या कानाने ओळखणारा माणूस बाजारामागे गटार खणू लागला. पहिल्या संध्याकाळी तो चिखलाने माखलेला आला. तळहाताला फोड आले होते. तिने अंगणातच भात आणि सुकी मासळी वाढली. तो भुकेने जेवला.

"फार त्रास झाला का रे?" तिने विचारलं.

"झाला," तो म्हणाला आणि ताट पुढे केलं. "भात वाढ अजून."

शेजारच्या घरी तिघे भाऊ होते. तिघांनीही 'करीन' म्हटलं होतं आणि एकाचंही नाव लागलं नव्हतं. त्यांच्या आईने कुंपणापलीकडून सगळं पाहिलं आणि ती आत गेली. पेरपेतुआला ताटावरून मान वर करता आली नाही.