चौदा वेळा मेलेल्या बाई

बाई गवतावर कोसळल्या आणि मी खुर्चीतून ओरडले, "वन्स मोअर!"

त्या उठल्या नाहीत. मी टाळ्याही वाजवल्या. लिहायला लाज वाटते, पण झालं ते असं.

अमेरिकेत, कॅरी गावात मुलाकडे राहायला आले तेव्हापासून या जर्मन बाई आमच्या शेजारी. ऐंशी उलटलेल्या, पूर्वी तिकडच्या सिनेमात कामं केलेल्या. एका जागी बसणं त्यांना माहीतच नव्हतं. हातात वही घेऊन सकाळपासून अंगणात येरझाऱ्या. चार ओळी लिहायच्या, तीन खोडायच्या. "नॉट गुड. अगेन!" असं स्वतःलाच दटावायच्या.

माझं इंग्रजी जेमतेम, त्यामुळे मध्ये नात लागायची, सई. चौदा सिनेमांत बाईंना मारलं होतं. विष, गोळी, नदी, क्षय. "आजी, शी सेज, तिला कुणी म्हातारं होऊच दिलं नाही," सई म्हणाली. म्हणून त्या गोष्ट लिहीत होत्या. तिच्यातली नटी म्हातारी होणार होती. शेवट मात्र जमत नव्हता.

एकदा मी म्हटलं, "मरून दाखवा." दाखवलं. आमच्याकडे नाटकात काही आवडलं की वन्स मोअर देतात, तसा मी दिला. बाई उठल्या आणि पुन्हा मेल्या, आधीपेक्षा झकास. मग तो रोजचाच खेळ झाला.

"आजी, धिस इज सो वीअर्ड."

"तू गप गं. तुला नाटक कळत नाही."

तुम्ही असता तर तुम्हीही फसला असता. पण मरताना बाई हात देखणा पसरायच्या, बोटं कॅमेऱ्याकडे. त्या दिवशी हात अंगाखाली मुडपला होता. ते दिसलं तेव्हा मी धावले.

घरी कुणी नव्हतं. नाइन वन वन लावला. "ओल्ड वुमन. फॉल. नॉट ड्रामा." फोनवर पलीकडून काय विचारत होते कळेना. मी पत्ताच पुन्हा पुन्हा सांगत राहिले. बाईंचं तोंड एका बाजूला ओढलं गेलं होतं. त्यांना मी मराठीतच दरडावलं, "आता मरायचं नाही. गोष्ट अर्धी आहे."

अँब्युलन्स आली, त्यांना घेऊन गेली.

पुढे भाचीने त्यांना दूर, तिच्या गावी चँडलरला नेलं. शेजारचं घर विकायला काढलंय. मी उगीच दहादा खिडकीशी जाते आणि परत येते. त्यांचा उजवा हात गेला, बोलणं गेलं. गोष्ट पुरी झाली की नाही, ठाऊक नाही.

बाई जगल्या.